गळाचा सामना, मुक्काम बरका

एका माणसाला विमानतळावरून दोन मोटारींनी कसं न्यायचं, हा प्रश्न मला मस्कतला उतरेपर्यंत कधी पडला नव्हता. बाहेरच्या दाराशी डाव्या हाताला पास्कल उभा होता, उजव्या हाताला चंदू. दोघेही माझे कॉलेजातले मित्र, दोघांच्याही हातांत माझ्या नावाची पाटी आणि दोघांच्याही चेहऱ्यावर मतदान केंद्राबाहेरच्या कार्यकर्त्याचं हसू. मी मिठी मारायला डावीकडे वळलो, तर चंदूने हात आडवा घातला.

"थांब. दोघांना एकदम मार."

भर विमानतळावर तिघांची ती मिठी म्हणजे एखाद्या नाटकाचा शेवटचा प्रवेश वाटत होता, आणि मी तर नुकताच रंगमंचावर पाऊल टाकलं होतं. मग ठरलं असं की पहिल्या पेट्रोल पंपापर्यंत मी पास्कलच्या गाडीत बसायचं आणि तिथून चंदूच्या. बॅगेचंही तसंच. पंपावर माझी बॅग एका डिकीतून दुसऱ्या डिकीत गेली तेव्हा पंपावरचा माणूस आमच्याकडे ज्या नजरेने पाहत होता, ती पाहून मी त्याला नमस्कार केला. तेवढंच वातावरण हलकं.

"अरे, पाहुण्याचा एवढा मान?" मी चंदूला विचारलं.

"पाहुणा कोण?" चंदू म्हणाला. "तू रेफ्री आहेस."

इथे मला जरा मागे जावं लागेल. वसईकडे आमची दोन कॉलेजं आहेत, एकाच भिंतीच्या दोन अंगांना. एकाच्या फाटकाशी चिंच, दुसऱ्याच्या मैदानात विहीर. कॉलेजांना चांगली लांबलचक नावं आहेत, पण ती प्रमाणपत्रावर. बोलताना आम्ही चिंचवाले आणि विहीरवाले. चंदू आता चिंचवाल्यांचा कप्तान, पास्कल विहीरवाल्यांचा. कधी काळी चिंचवाल्यांचा फुटबॉल भिंतीवरून उडून विहिरीत पडला. तो काढायला सोडलेली बादली दोरी तुटून बुडाली. मग विहिरीच्या रखवालदाराने गळ दिला. गळ म्हणजे बुडालेली बादली काढायला दोरीच्या टोकाला बांधतात तो लोखंडी आकड्यांचा झुबका. बादली निघाली, चेंडू निघाला आणि गळ मात्र चिंचवाल्यांच्या जिमखान्यात जाऊन बसला. परत मागितला तर म्हणाले, खेळून न्या. तेव्हापासून दर वर्षी सामना आणि जिंकेल त्याचा गळ. चांदीचे कप इतर कॉलेजांना लखलाभ.

पुढे मैदानं गेली, त्यांच्यावर इमारती आल्या. खेळणारी पोरं नोकरीला आखातात गेली, तसा सामनाही त्यांच्यामागून आखातात गेला. गळ कुणाच्या तरी सामानातून मस्कतला पोचला. त्या वेळी विमानतळावरच्या अधिकाऱ्याने हे काय आहे असं विचारल्यावर नेणाऱ्याने "ट्रॉफी" असं उत्तर दिलं म्हणे, आणि अधिकाऱ्याने गळाकडे आणि मग त्याच्याकडे इतक्या करुणेने पाहिलं की पुढची चौकशीच केली नाही.

आता रेफ्रीचा नियम. पहिल्याच वर्षी दोन्ही बाजूंनी एकमेकांचा रेफ्री चोर ठरवला. म्हणून ठरलं, की रेफ्री दोन्ही कॉलेजांत शिकलेलाच हवा. ज्याने दोन्ही कॅन्टीनचे वडे खाल्लेत, त्याचं पोट कुणा एकाचं नाही. अशी माणसं थोडी. ओमानात एकच होता, इनास. त्याला कंपनीने दुक्मला पाठवलं आणि रिफायनरीच्या कामातून त्याला सुटी मिळेना. मग यांनी आठवून आठवून मला शोधून काढलं. मी अकरावी-बारावी चिंचेखाली सायन्स केलं. सायन्सचं आणि माझं पटलं नाही, म्हणून भिंत ओलांडून विहिरीकडे कॉमर्सला गेलो. फुटबॉल मी आयुष्यात दोनदा लाथाडला असेल. पण फोनवर चंदू नुसतं म्हणाला होता, "तुझ्याशिवाय कार्यक्रम होणार नाही," आणि मी गावात लग्नांपासून श्रद्धांजलीपर्यंत माईक धरणारा माणूस. मी समजलो, प्रमुख पाहुणा. विमानात मी चाळीस मिनिटांचं भाषण पाठ करत आलो होतो.

अल् घुब्रा

मस्कत हे शहर कुणीतरी रोज सकाळी ओल्या फडक्याने पुसत असावं. पांढरी, बुटकी, नीटनेटकी घरं, आणि त्यांच्यामागे एक झुडूपही अंगावर न घेतलेले तपकिरी डोंगर. आपल्या डोंगरांना पाहायची सवय असलेल्याला हे डोंगर आंघोळीहून उघडेच बाहेर आलेत असं वाटतं. दोन दिवसांनी मात्र मला ते आवडायला लागले. संध्याकाळी ऊन उतरतं तेव्हा त्यांच्यावर जो जांभळा रंग चढतो, तो पाहून मी चंदूला गाडी थांबवायला सांगितली होती. तो म्हणाला, इथे थांबलो तर दंड होईल. गाडी धुतली नाही तरी दंड होतो म्हणे. माझी गाडी वसईत ज्या अवस्थेत उभी असते, ती पाहता मी इथे जन्मठेपेलाच गेलो असतो.

हॉर्न कुणी वाजवत नाही. म्हणजे एकाच कामासाठी वाजवतात. चहाच्या दुकानासमोर गाडी उभी करायची, एक हॉर्न द्यायचा, की आतून माणूस वेलचीचा दाट करक चहा घेऊन खिडकीशी येतो. आपल्याकडे हॉर्न ऐकून माणूस आला तर भांडायलाच येतो.

चंदू एका हॉटेलच्या किचनमध्ये मोठ्या हुद्द्यावर आहे आणि अल् घुब्राला भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहतो. तिथल्या दिवाणखान्यात मला गळाचं दर्शन घडलं. गेली पाच वर्षं ओळीने चिंचवाले जिंकताहेत, त्यामुळे गळाचा मुक्काम तिथेच. पडद्याच्या दांडीला तो लटकवलेला होता, आणि चंदूच्या बायकोने, सुलभावहिनींनी, त्याच्या एकेका आकड्याला गाडीच्या किल्ल्या, पोरीचं शाळेचं ओळखपत्र, छत्री आणि लसणाची जुडी अडकवली होती.

"ट्रॉफी आहे ती," चंदू जरा ओशाळून म्हणाला.

"असेना," वहिनी म्हणाल्या. "पाच वर्षांत एवढाच उपयोग झालाय तिचा. भावोजी, तुम्ही यांना एकदा हरवा बघू. मला तिथे मनीप्लांट लावायचाय."

त्यांची नववीतली लेक आतून आली, मला "हॅलो अंकल" म्हणाली आणि गळावरून ओळखपत्र काढत मराठीत म्हणाली, "बाबा, तुमचं हे वस्तू माझ्या केसात जातो." चंदूने तिचं व्याकरण दुरुस्त केलं नाही. गळाबद्दल घरात त्याच्या बाजूने कुणीच नव्हतं.

जेवायला तांदळाची भाकरी, सुरमईचं कालवण आणि सुकटीची चटणी. पास्कलही समोर बसला होता, कारण रेफ्रीला एका बाजूने एकट्याने जेवू घालायचं नाही असाही नियम आहे. घास घेताना तो माझ्या ताटाकडे पाहत होता. उद्या त्याला तेवढंच घालायचं होतं, कमी नाही आणि जास्तही नाही.

दुपारी आम्ही मत्रहच्या बाजारात गेलो. अरुंद बोळ, दोन्ही बाजूंना लोबान, अत्तरं, चांदीच्या मुठींचे खंजीर. लोबानाच्या धुराने माझ्या सदऱ्याला जो वास लागला तो घरी तीन धुण्यांनंतरही टिकून आहे, आणि बायको म्हणते, असू दे. पास्कल एका दुकानात अत्तराचा भाव करत अडकला, तसा चंदूने मला हाताला धरून टोप्यांच्या ढिगाआड ओढलं.

"दिन्या, परवाच्या सामन्यात आम्हाला हरव."

मी ढिगातली एक टोपी उचलून उलटसुलट पाहिली.

"पाच वर्षं झाली रे," तो म्हणाला. "विहीरवाल्यांकडे आता आहेत किती? पास्कल, दोन म्हातारे आणि नेल्सनची गँग, त्यांच्या कॉलेजातून नुकतीच इकडे नोकरीला आलेली पोरं. नेल्सन ती पोरं घेऊन आला म्हणून टीम उभी राहते. त्या पोरांनी सांगितलंय, ह्या वेळी हरलो तर शुक्रवारच्या सुटीत फुटबॉल बंद, क्रिकेट सुरू. खलास. मग आम्ही कुणाशी खेळणार? गळाला लसूण लावून घरी बसायचं?"

"मग तुम्हीच हरा की."

"आमच्या पोरांना सांगू कसं? ती हसतील. तू फक्त शिट्टी जरा इकडेतिकडे वाजव. आणि पास्कलला कळता कामा नये. त्याची बायको, मुलं तिकडे वसईला. बरक्यात एकटा एसी दुरुस्त करत राहतो. वर्षात त्याचा सण म्हणजे हाच एक. त्याला मी दया दाखवली असं कळलं तर तो माझ्याशी बोलणार नाही."

मी कसलंच वचन न देता एक टोपी विकत घेतली. फुलांची नक्षी असलेली ओमानी टोपी. ती मला शोभते असं दुकानदार म्हणाला, आणि व्यापाऱ्याचं म्हणणं मी सहसा खोडून काढत नाही.

बरका

दुसऱ्या दिवशी माझा ताबा पास्कलकडे गेला. बरका मस्कतच्या पश्चिमेला, समुद्रकाठी. खजुराच्या बागा, भाजीचे मळे, मासळीबाजार. तिथे पास्कल आणि आणखी चौघे जण एक जुनं घर घेऊन राहतात. एसी दुरुस्त करणाऱ्याच्या घरातला एसी बंद होता, याचं मला कौतुक वाटलं. जगभर शिंप्याचा सदरा उसवलेलाच असायचा.

मासळीबाजार मी मन भरून पाहिला. ओट्यांवर मांडलेले ट्युना लहान मुलाएवढे. विकणारे सगळे पुरुष, आणि आवाज कसला तो नाही. आपल्या कोळणीने तिथे एक सकाळ काढली असती तर त्या बाजाराला जाग आली असती. पास्कलने एक सुरमई घेतली आणि घरून बाटलीत भरून आलेला वसईचा बॉटल मसाला घालून असं कालवण केलं, की चंदू, जो माझ्यावर पहारा ठेवायला आला होता, ते खाऊन दिवाणखान्यात आडवा झाला आणि घोरायला लागला.

पास्कलने भांडी घासता घासता नळ मोठा सोडला.

"दिन्या, एक मागणं आहे."

आता हाही हरायचं म्हणतो की काय, असं माझ्या मनात आलं.

"आमच्या बाजूने काही देऊ नकोस," तो म्हणाला. "एक थ्रोसुद्धा नाही. चंदू बाजारात तुझ्याशी काय बोलला ते मला माहीत आहे."

"तू अत्तर घेत होतास."

"मी अत्तर लावतो का कधी? तो मागच्या वर्षी इनासलाही तेच बोलला. इनास मानी निघाला, आम्ही तीन-शून्य हरलो. चांगले हरलो. नेल्सनची पोरं जातात म्हणतात, मला झोप येत नाही. सामना बंद पडला तर शुक्रवारी मी काय करू, ते मला ठाऊक नाही. पण फुकटचा गळ घरी आणून टांगला, तर रोज सकाळी त्याच्याकडे बघून चहा कसा पिऊ?"

त्याने ताट पुसून फळीवर ठेवलं. आतून चंदूचं घोरणं थांबलं, कूस बदलली, पुन्हा सुरू झालं. मी दोघांच्या मध्ये ओट्याला टेकून उभा होतो. एकाला हरायचं होतं आणि दुसऱ्याला जिंकवून घ्यायचं नव्हतं. चाळीस मिनिटांच्या भाषणात यावर एक ओळ नव्हती.

शुक्रवार

सामन्याच्या सकाळी गळाला पाणी दाखवायचं असतं. विहिरीचं लोखंड आहे, वर्षातून एकदा पाण्यात जायलाच हवं, असं विहीरवाले म्हणतात आणि चिंचवाले त्यांना हसत हसत दर वर्षी येतात. दोन्ही कप्तान दोरीला धरून गळ समुद्रात सोडतात. या वर्षी चंदूने तो जरा जोरात भिरकावला, आणि ओढला तर येईना. ओढता ओढता त्याच्याबरोबर एक अख्खं जाळं आलं, आणि जाळ्यामागून किनाऱ्यावरून धावत एक पांढऱ्या दाढीचा ओमानी कोळी.

"एश हादा?" त्याने विचारलं. हे काय आहे.

पास्कलचं अरबी कामापुरतं आहे. "कूरा, अर्बाब," तो म्हणाला. म्हणजे फुटबॉल, मालक.

म्हाताऱ्याने आठ आकड्यांच्या गळाकडे पाहिलं, आमच्या तीन पोटांकडे पाहिलं. आम्ही वाळूत बसून सगळे आकडे जाळ्यातून सोडवले. त्याने एकेक गाठ तपासली, "माफी मुश्कील", म्हणजे काही हरकत नाही, म्हणाला आणि मग सगळी हकीकत हातवाऱ्यांनी ऐकून इतका हसला की त्याला पाणी द्यावं लागलं. संध्याकाळी तो नातवंडांना घेऊन सामना पाहायला आला, आणि पहिल्या रांगेत बसला.

मैदान म्हणजे एका बागेलगतची सपाट वाळू. गोलाचे खांब प्लंबरच्या पाइपचे, हद्द आखलेली खजुराच्या झावळ्यांनी. बाया-पोरं चटया टाकून बसली होती, बिर्याणीच्या पातेल्यांवर ओले टॉवेल. सुलभावहिनींनी मला बजावलं, "मनीप्लांट लक्षात असू द्या." मी नवी टोपी घातली, शिट्टी गळ्यात अडकवली आणि मैदानाच्या मधोमध जाऊन चारी दिशांना वाकून नमस्कार केला. टाळ्या पडल्या. रेफ्रीचं काम इथे संपलं असतं तर बरं झालं असतं.

वाळूत धावणं हा एक गैरसमज आहे. माणूस पाय उचलतो, वाळू तो परत मागते. पहिल्या दहा मिनिटांत मी चेंडूपासून इतका मागे पडलो की एकदा नेल्सनने थांबून विचारलं, "अंकल, आर यू ओके?" चिंचवाल्यांच्या एका उंच ड्रायव्हरने डोक्याने गोल केला. उत्तरार्धात नेल्सनने एकट्याने चौघांना चकवून बरोबरी केली, आणि विहीरवाल्यांच्या चटयांवर बिर्याणीचं एक पातेलं कलंडलं. एक-एक. मी दोन्ही बाजूंना सारखेच चुकीचे निर्णय दिले. यात माझा हेतू नव्हता, दम नव्हता.

शेवटची काही मिनिटं उरली. नेल्सनने लांबून चेंडू उचलून चिंचवाल्यांच्या गोलासमोर टाकला. तिथे चंदू उभा होता. आसपास कुणी नाही, चेंडू संथ, छातीच्या उंचीवर. आणि चंदूने, हळदीकुंकवाला वाण घ्यावं तसा, दोन्ही हातांनी तो झेलला.

चंदू चेंडू धरून माझ्याकडे पाहत होता.

"हँड आहे, रेफ्री," तो म्हणाला.

मी पास्कलकडे पाहिलं. तो मधल्या झावळीजवळ कमरेवर हात ठेवून उभा होता, आणि त्याची नजर चंदूवर होती. नियम म्हणजे नियम. आंधळ्यालाही दिसला असता असा हँडबॉल होता. मी शिट्टी वाजवली आणि पेनल्टी दिली.

विहीरवाल्यांची पोरं नाचायला लागली. कप्तानाचा मान म्हणून नेल्सनने चेंडू पास्कलपुढे ठेवला. "मार, अंकल. यल्ला, चल." गोलरक्षकाच्या कानात चंदू काहीतरी कुजबुजला आणि गोलरक्षक एका खांबाजवळ जाऊन असा उभा राहिला, की उरलेल्या गोलातून पाण्याचा टँकर गेला असता.

पास्कलने चेंडूवरची वाळू पुसली. दोन पावलं मागे गेला. मग एकदा वर, खजुरांच्या शेंड्यांकडे पाहिलं. तो धावत आला आणि त्याने चेंडू असा उडवला, की तो गोलावरून गेला, कुंपणावरून गेला, खजुरांवरून गेला आणि बागेत कुठेतरी पडला, तिथून शेळ्यांचा गलका ऐकू आला. पेनल्टी चुकते तेव्हा माणूस डोकं धरतो. पास्कलने हात झटकले. मी शेवटची शिट्टी वाजवली.

बरोबरी झाली तर गळ ज्याच्याकडे आहे त्याच्याकडेच राहतो. चंदू वाळूत पाय आपटत आला.

"काय केलंस गाढवा?"

"तू काय केलंस?"

"माझा हात लागला."

"माझा पाय लागला," पास्कल म्हणाला.

पास्कलला आधी हसू फुटलं. चंदू मात्र हसला नाही. तो मला बाजूला घेऊन म्हणाला, "गेलं सगळं. आता पोरं जाणार." त्याचा आवाज खरोखरच बसला होता.

पोरांकडे पाहिलं तर ती बूट काढून चटईवर बसली होती, आणि बिर्याणीला हात लावत नव्हती. नेल्सन उभाच होता. पास्कल पाण्याची बाटली घेऊन त्यांच्यात गेला आणि मी जेवणाच्या निमित्ताने कान देऊन मागे बसलो.

"जिंकलो होतो, अंकल," नेल्सन म्हणाला. "हातात होतं."

"माझ्या हातात नव्हतं. चंदूच्या होतं."

"सो व्हॉट? पाच साल हरतोय आपण. ते लोक हसतायत तिकडे."

"हसू दे. तुझा गोल बघितला मी. चौघांना काढलास. तसे दोन मारले असते तर मला पेनल्टी मारायला लागली नसती."

नेल्सनने बूट चटईवर आपटला. वाळू बिर्याणीत गेली. चिंचवाल्यांच्या चटईवरून खरंच हसण्याचा आवाज येत होता, सुलभावहिनी गळ उचलून त्याचं काय करू असं सगळ्यांना विचारत होत्या. नेल्सनने तिकडे पाहिलं. त्याच्या गँगमधल्या एकाने हळूच म्हटलं, "पुढच्या शुक्रवारी क्रिकेट आहे ना?"

"गेलं क्रिकेट," नेल्सन म्हणाला. मग तो माझ्याकडे वळला, जणू वर्षभराचा सगळा कारभार माझ्याच शिट्टीत होता. "रेफ्री अंकल, नेक्स्ट इयरची डेट आत्ताच फिक्स करा. आम्ही उद्यापासून प्रॅक्टिस करतो. आणि लिहून ठेवा, पास्कल अंकलला पेनल्टी मारायला द्यायची नाही."

पास्कल खाली मान घालून बिर्याणीतले वाळूचे कण वेचत होता, आणि त्याचे खांदे हसून हलत होते.